सीमारेषेवर साठ मिनिटे

ज्या बाईला उद्या सकाळी डॉक्टरांच्या खोलीत बसून पडद्यावर स्वतःच्या मेंदूचे करडे चित्र पाहायचे आहे, तिच्यासाठी मी हे लिहिते आहे. त्या चित्रात तिला एक पांढरा डाग दिसेल आणि त्यानंतरचे डॉक्टरांचे बोलणे तिला ऐकू येणार नाही. ऐकते आहे असे वाटेल, मान हलेल, पण घरी पोहोचेपर्यंत एकही वाक्य उरणार नाही. म्हणून सोबत कुणालातरी घेऊन जा आणि त्या माणसाच्या हातात वही द्या. मी एकटीच गेले होते.

माझा डाग आवळ्याएवढा होता. डाव्या कानातून मेंदूकडे जाणाऱ्या मज्जातंतूवर तो किती वर्षे वाढत होता, हे कुणी सांगू शकले नाही. कर्करोग नव्हता. पण काढायला हवा होता, आणि काढताना डावा कान कायमचा जाणार होता. तोल काही महिने जाणार होता. चेहऱ्याची डावी बाजू शाबूत राहील की नाही, हे शस्त्रक्रियेच्या टेबलावरच ठरणार होते. एवढे ऐकून मी विचारलेला पहिला प्रश्न होता, "ऑगस्ट संपेपर्यंत थांबता येईल का?"

त्या प्रश्नाची आज लाज वाटत नाही, पण तो समजावा यासाठी आधी माझा खेळ सांगायला हवा.

एक कमी होती

मी कोल्हापूरची. आमच्या शहरात फुटबॉलवरून सख्खे भाऊ बोलेनासे होतात. माझ्या लहानपणी मुलींनी मात्र तो खेळ कठड्यामागून पाहायचा असे. मी शाळेत हँडबॉल खेळले आणि घरी वृत्ते शिकले. वडील मराठीचे शिक्षक होते. स्वयंपाकघराच्या थंड फरशीवर ते मला अनवाणी चालायला लावत, लघू अक्षराला चवड्याचा हलका स्पर्श आणि गुरू अक्षराला पूर्ण पाऊल. कविता कानाआधी माझ्या तळपायांना कळली ती अशी.

पुढे ओहायोत शिकायला आले आणि एका रविवारी तिथल्याच डब्लिन नावाच्या गावातल्या मैदानाच्या कडेला थांबले. गवत नुकतेच कापलेले होते, त्याचा हिरवा, ओला वास घशापर्यंत येत होता. बायकांचा एक संघ चेंडू लाथेने मारत होता, हातात झेलत होता, मुठीने एकमेकींकडे टोलवत होता. हात आणि पाय दोन्ही चालतील असा खेळ जगात आहे, हे मला पंचविसाव्या वर्षी समजले. आयर्लंडचा तो गेलिक फुटबॉल. इंग्रजी एच अक्षरासारखे उंच खांब. आडव्या दांडीवरून चेंडू गेला तर एक गुण, खालून जाळ्यात गेला तर तीन. चेंडू हातात धरून चार पावलांपलीकडे पळता येत नाही. तो पायाच्या बोटांवर टाकून पुन्हा हातात घ्यावा लागतो.

"उभी काय राहिलीस, पोरी?" एक दणकट बाई ओरडली. "चपला काढ, बूट घाल. आमच्यात एक कमी आहे."

ती मॉरीन. आयर्लंडच्या पश्चिम किनाऱ्यावरून तरुणपणी आलेली, शाळेच्या स्वयंपाकघरात आयुष्यभर शेकडो मुलांना जेवू घालून निवृत्त झालेली. तिच्या सांगण्यावरून मी बूट घातले आणि अकरा हंगाम उतरवले नाहीत. उजवा गुडघा गेल्यावर मी मॅनेजर झाले. व्यवस्थापक म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे फायली येतात, म्हणून मॅनेजर हाच शब्द ठेवते. या खेळात मॅनेजर म्हणजे सराव घेणारी, संघ निवडणारी आणि सामन्याची साठ मिनिटे सीमारेषेवर उभी राहून कुणाला कुठे हलवायचे ते ठरवणारी व्यक्ती. तिला खुर्ची नसते.

चेंडू पायावर टाकत पळणे नव्या मुलींना फार जड जाते. मी त्यांना वडिलांचे लगक्रम शिकवले. ल-गा-गा, एक हलके पाऊल, दोन लांब, मग चेंडू पायावर. मैदानभर सोनेरी केसांच्या, निळ्या डोळ्यांच्या मुली "लगागा, लगागा" म्हणत पळायच्या. याचा अर्थ काय, असे त्या विचारत. मी सांगे, "माझ्या वडिलांची फरशी."

बाटल्या दुसऱ्या टोकाला होत्या

आजार एका दिवशी आला नाही. कुकरची शिट्टी विरता विरता जो बारीक तंतू उरतो, तसा एक आवाज वर्षभर डाव्या कानात होता. फोन आपोआप उजव्या कानाला जाऊ लागला. उंच मारलेल्या चेंडूकडे पाहिले की आकाश तव्यावरच्या तुपासारखे एका बाजूला सरकायचे. मी पाणी कमी पिते, जुना मार असेल, वय झाले, अशी कारणे मी स्वतःला पुरवत राहिले.

यातला विनोद असा की माझ्या संघात एकच नियम चर्चेपलीकडचा होता. डोक्याला मार लागला की खेळाडू बाहेर. सामना कितीही अटीतटीचा असो, ती कितीही शपथेवर "मी ठीक आहे" म्हणो. खेळाडू कसे खोटे बोलतात ते मी दहा पावलांवरून ओळखायचे. स्वतःचे खोटे ओळखायला मला पडावे लागले.

जूनमधल्या एका सामन्यात चेंडूमागे वळताना मी सीमारेषेवरच आडवी झाले. समोरच्या संघाचे लोक हसले. मॉरीन हसली नाही. तिने मला दंडाला धरून उठवले.

"उद्या डॉक्टरकडे."

"पाण्याच्या बाटल्यांत पाय अडकला गं."

"बाटल्या दुसऱ्या टोकाला आहेत."

घरातले नऊ दिवस

निदान ऐकून घरी आले तेव्हा माझा नवरा हेमंत ओट्यापाशी पोह्यांसाठी कांदा चिरत होता. मी उभ्या उभ्या सगळे सांगितले. त्याने सुरी खाली ठेवली आणि गाठीविषयी एक अक्षर न बोलता म्हणाला, "तू एकटी गेलीस?"

"तुला मीटिंग होती."

"एकटी गेलीस तू. मला न सांगता."

मग मी ऑगस्टचे काढले. ऑगस्टच्या अखेरीस सगळ्या शहरांचे संघ एकत्र येऊन स्पर्धा होते आणि आमचा संघ पहिल्यांदाच अंतिम फेरी गाठण्याच्या लायकीचा झाला होता. त्या मुलींना मी चार वर्षे घडवले होते. डॉक्टर म्हणाले होते, काही आठवडे चालतील, पण उन्हाळा संपेपर्यंत थांबलात तर चेहऱ्याच्या मज्जातंतूशी जुगार खेळाल. मी जुगार खेळायचे ठरवले होते.

"आई, आर यू सीरियस?" आमची पंधरा वर्षांची ईरा जिन्यावरून म्हणाली. "इट्स अ गेम!"

"तुझ्या डिबेटला मी गेम म्हणते का?"

"डिबेटसाठी मी माझा फेस पणाला लावत नाही!"

कोल्हापूरहून आई व्हिडिओवर होती. तिचे निदान तयार होते. "चेंडू डोक्याला लागून लागून झालं की हे. बंद कर ते खेळणं, आणि इकडं ये." खेळाशी याचा काही संबंध नाही असे डॉक्टरांनी स्पष्ट सांगितल्याचे मी परोपरीने समजावले. "त्यांना काय कळतंय," आई म्हणाली आणि पदराने डोळे पुसू लागली.

नऊ दिवस आमच्या घरात माणसे एकमेकांशी सौजन्याने बोलत होती. भांडणापेक्षा ते फार वाईट असते. हेमंत रोज माझ्या डब्यात सोललेले संत्रे ठेवत होता आणि माझ्याकडे पाहत नव्हता. त्या संत्र्यांच्या वासाने मला ऑफिसात रडू यायचे. मी थांबले मात्र नाही. संध्याकाळी सराव घेत राहिले.

बाहेर कोण, आत कोण

आमच्या खेळात खेळाडू बदलायचा तर मॅनेजर एका चिठ्ठीवर दोन नावे लिहिते. कोण बाहेर, कोण आत. ती चिठ्ठी पंचाच्या हातात पडली की विषय संपतो. खेळाडूने कितीही पाय आपटले तरी चिठ्ठीशी वाद नसतो. अशा चिठ्ठ्यांचा एक छोटा गठ्ठा सगळा हंगाम माझ्या खिशात असे.

शनिवारी दुपारी दारात मॉरीन आणि शिवॉन उभ्या राहिल्या. शिवॉन आमची कर्णधार, प्राथमिक शाळेत दुसरीला शिकवणारी. सात वर्षांच्या मुलांशी बोलून बोलून तिला मोठ्यांशीही स्वच्छ, छोट्या वाक्यांत बोलायची सवय झाली आहे. हेमंतने त्यांना बोलावले होते, हे मला मागाहून समजले.

"आम्हाला कळलंय," शिवॉन म्हणाली. "गठ्ठा दे."

मला वाटले, संघाची काही नावे लिहायची असतील. मी खिशातला गठ्ठा दिला. तिने स्वयंपाकघराच्या टेबलावर वाकून, फळ्यावर लिहावे तशा टपोऱ्या अक्षरांत लिहिले आणि चिठ्ठी माझ्यापुढे सरकवली. बाहेर, या शब्दापुढे माझे नाव होते. आत, या शब्दापुढे मॉरीन.

"हे काय?"

"डोक्याला मार," शिवॉन म्हणाली. "नियम तुझाच आहे."

"हा मार नाही, ही गाठ आहे."

"डोक्यात आहे ना?"

मी मॉरीनकडे वळले. "तू यात आहेस?"

"मला हे काम नकोय," मॉरीन म्हणाली. "मला ते जमतही नाही. मी त्यांना ओरडेन आणि सँडविच देईन. पण तू त्या सीमारेषेवर परत पडलीस तर मी तुला उचलणार नाही. माझ्या कमरेला आता ते झेपत नाही."

मी शेवटचा डाव टाकला. पंचाच्या हातात पडल्याशिवाय चिठ्ठीला काही अर्थ नसतो, मी म्हणाले; इथे पंच कुठे आहे?

शिवॉनने स्वयंपाकघरात चहूकडे नजर फिरवली. फ्रिजला टेकून ईरा उभी होती. शिवॉनने चिठ्ठी तिच्या हातात दिली. ईराने ती वाचली, पंच घालतात तशी चौकोनी घडी घातली आणि जीन्सच्या खिशात टाकली. जन्मापासून माझ्या प्रत्येक मराठी प्रश्नाला इंग्रजीत उत्तर देणारी माझी मुलगी माझ्याकडे पाहत स्वच्छ मराठीत म्हणाली, "आई, बाहेर."

माझ्या आयुष्यात मला आलेला सर्वांत मोठा राग तो होता. त्या रागाच्या खाली, कढईत तळाशी बसलेल्या गुळासारखे, काहीतरी वितळू लागले. चार वर्षे मी या मुलींना सांगत आले होते की नियम आवडत्या खेळाडूलाही लागतो. त्यांनी ते ऐकले होते.

सोमवारी मी डॉक्टरांना फोन करून शस्त्रक्रियेची तारीख घेतली. हेमंत वही घेऊन शेजारी बसला.

उजवीकडून बोला

जागी झाले तेव्हा छत फिरत होते. डोळे मिटले तर मी फिरत होते. तोंडात तांब्याचे जुने नाणे ठेवल्यासारखी चव होती. ओकारीने पोट पिळवटत होते आणि मान हलवायची सोय नव्हती. पहिले दोन दिवस धैर्य वगैरे काही नसते; एका उलटीपासून दुसऱ्या उलटीपर्यंत पोहोचणे एवढेच काम असते. ते कराल तुम्ही. सगळ्याजणी करतात.

डावीकडचे जग कापून नेले होते. तिथे शांतता असेल अशी माझी कल्पना होती, पण शांतता ऐकायलाही कान लागतो. तिथे फक्त आवाजाचा समुद्र आणि त्यातून स्वतःच्या रक्ताची गाज होती. खोलीतला प्रत्येक आवाज, मग तो दाराचा असो वा ट्रॉलीच्या चाकांचा, उजव्या बाजूनेच येई, जणू सगळी सृष्टी एका भिंतीला टेकून बसली होती.

चेहऱ्याची डावी बाजू झोपली होती. मज्जातंतू शाबूत होता, पण दुखावला होता. परत येईल, कधी ते ठाऊक नाही, असे सर्जन म्हणाले. डोळा मिटत नव्हता म्हणून त्यावर पट्टी चिकटवत. हेमंतने थेंब घालायला शिकून घेतले. त्याची बोटे जवळ आली की जंतुनाशकाचा वास यायचा आणि त्याखाली, कितीही धुतले तरी, घरच्या हिंगाचा. त्या वासासाठी मी दर चार तासांची वाट पाहायचे.

एका परिचारिकेने कुणी न सांगता माझ्या पलंगामागच्या फळ्यावर मोठ्या अक्षरांत लिहिले, उजवीकडून बोला. मग भेटायला येणारे सगळे पलंगाला वळसा घालून उजवीकडे गर्दी करू लागले. महाराष्ट्र मंडळातल्या दोन काकू, मॉरीन आणि हेमंत एकाच खुर्चीभोवती दाटीवाटीने उभे राहून माझ्याशी बोलत. काकूंनी मऊ भात आणला होता, मॉरीनने कालवलेल्या पिठाचा तपकिरी पाव. दोघींनी एकमेकींचे डबे उघडून वास घेतला.

"यात मीठ आहे का?" काकूंनी विचारले.

"त्यात चव आहे का?" मॉरीनने विचारले.

मी हसले. माझे हसणे फक्त अर्ध्या चेहऱ्यावर आले आणि ईराने ते पहिल्यांदा पाहिले. ती खिडकीकडे वळली. बऱ्याच वेळाने परत येऊन तिने माझ्या डाव्या गालावर तळहात ठेवला आणि तो हळूच वर उचलला. "देअर," ती म्हणाली. "आता होल स्माइल आहे."

अंतिम सामना

ऑगस्टअखेर मी घरी होते. न्हाणीघरापर्यंत भिंत धरून जाता येत होते. संघ दुसऱ्या शहरात अंतिम सामना खेळत होता. होय, त्या पोहोचल्या होत्या. मी डाव्या कुशीवर पडून उजव्या कानाला फोन लावला होता आणि बदली खेळाडूंतली एक मुलगी मला सामना सांगत होती. सामना संपायला दहा मिनिटे असताना आम्ही एका गुणाने पुढे होतो. तेवढ्यात ती गप्प झाली.

"काय झालं?"

"शिवॉन. कोपर लागलं. डोक्याला."

फोनमधून मला शिवॉनचा आवाज आला. ती ओरडत होती, "मी ठीक आहे! मॉरीन, मी ठीक आहे!" मग त्या मुलीने सांगितले, "मॉरीनने चिठ्ठी दिली."

आमची सर्वांत भरवशाची खेळाडू बाहेर बसली आणि आम्ही दोन गुणांनी हरलो. मी फोन छातीवर ठेवला. मिटत नसलेल्या डोळ्यातून पाणी तसेही येतच होते. ते कुठले, हे हेमंतने विचारले नाही. मी आयुष्यात पुष्कळ सामने जिंकले आहेत. कुणी मला माझा सर्वांत मोठा विजय कोणता असे विचारले, तर मी त्या पराभवाचे नाव घेते.

गवत कठीण असते

व्यायाम शिकवणाऱ्या तरुणाने पहिल्या दिवशी विचारले, "ध्येय काय लिहू?"

"साठ मिनिटं उभं राहायचं आहे. कुणाला न धरता. गवतावर."

त्याने पेन थांबवले. "गवत कठीण असतं. जमीन सपाट नसते. तुम्हाला बाजूंना पटापट बघावं लागेल?"

"चेंडूच्या मागे. सतत."

"मग आधी हा कॉरिडॉर," तो म्हणाला.

तो कॉरिडॉर वीस पावलांचा होता. टाचेपुढे चवडा ठेवत, मान डावीकडे, मान उजवीकडे, असे चालायचे. पहिल्या दिवशी मी सहा पावलांत भिंतीला लागले. तोल हा कानात असतो हे मला डॉक्टरांनी शिकवले होते. माझा अर्धा तोल कापून बादलीत टाकला होता आणि उरलेल्या अर्ध्याने सगळे घर चालवायचे होते. मोजत चालले की मन घाबरून पुढे धावे. म्हणून मी मोजणे सोडले आणि तळपायांना जे सर्वांत जुने ठाऊक होते ते म्हणू लागले. ल-गा-गा. हलके, जड, जड. गुरू अक्षरावर पूर्ण वजन द्यायचे, मग पुढे. वडील जाऊन आठ वर्षे झाली होती. त्यांच्या फरशीचा गारवा मला त्या मेणचट लिनोलियममधून जाणवला, असे म्हटले तर अतिशयोक्ती होईल. पण पावलांना तो आठवत होता.

हिवाळाभर मी आमच्या गल्लीतून चालले. बर्फ दाबला की येणारा करकर आवाज एकाच बाजूने येई, त्यामुळे कुणीतरी कायम माझ्या उजवीकडून चालत आहे असे वाटायचे. प्रत्यक्षात ईरा मागून चालत असे, हात खिशात घालून.

"धरू नकोस मला."

"आय अॅम नॉट होल्डिंग यू. आय अॅम जस्ट हिअर."

मी तीनदा पडले. एकदा टपालपेटीवर. तिन्ही वेळा ती थांबली, मी उठेपर्यंत आकाशाकडे पाहत राहिली, आणि पुन्हा चालू लागली. असे थांबणे मला तिच्या वयात जमले नसते.

मतदान

फेब्रुवारीत चर्चच्या तळघरात क्लबची वार्षिक बैठक झाली. मॅनेजर दर वर्षी नव्याने ठरते. मॉरीनने माझे नाव सुचवले आणि टाळ्या सुरू झाल्या. मी त्या थांबवल्या. दयेने मिळालेली जागा मला नको होती आणि त्या मुलींनाही अर्धी मॅनेजर द्यायची नव्हती.

मी उभी राहिले, टेबलाला न धरता, आणि सांगितले. डावीकडचे मला ऐकू येत नाही आणि कधीच येणार नाही. हाक कुठल्या दिशेने आली हे कळत नाही. झटकन वळले तर पडू शकते. अंधुक उजेडात खडबडीत जमिनीवर मला चालता येत नाही. माझा चेहरा परत आला आहे, पण दमले की डावा कोपरा खाली येतो. ते नाराजीचे लक्षण समजू नका. साठ मिनिटे उभी राहीन की नाही, खात्री नाही. एवढे माहीत करून मत द्या.

कोपऱ्यात कॉफीचे यंत्र गुरगुरत होते. मग शिवॉनने वर्गात करतात तसा हात वर केला.

"सामन्याआधी आपण गोल करून उभ्या राहतो. तेव्हा अर्ध्या जणींचं तुला ऐकू येणार नाही ना?"

"नाही येणार."

"मग गोल कशाला करायचा? सगळ्याजणी उजवीकडे उभ्या राहू."

"मंजूर?" मॉरीनने विचारले. "हात वर करा लवकर, कॉफी कडू होतेय."

मी हात मोजले नाहीत. खाली राहिलेला एकही दिसला नाही.

साठ मिनिटे

मे महिन्यातला पहिला सामना. वारा होता. सनस्क्रीनचा गोडसर वास, ओल्या मातीचा, नव्या चेंडूच्या चामड्याचा. मुली माझ्या उजव्या हाताला अर्धचंद्रासारख्या उभ्या राहिल्या आणि प्रत्येकीचा श्वास मला ऐकू आला. माझ्या डावीकडे रिकामे गवत होते. हेमंतने वीस पावलांवर एक घडीची खुर्ची उघडून ठेवली होती. तो तिच्यावर बसला नव्हता आणि तिच्याविषयी एक शब्द बोलला नव्हता.

पहिली तीस मिनिटे गेली. पाय किंचित फाकून, गुडघे सैल ठेवून मी उभी होते. उत्तरार्धात चेंडू एका टोकाकडून दुसऱ्या टोकाला गेला, मी त्याच्यामागे मान फिरवली आणि जमीन ताटासारखी कलली. मी समोरच्या गोलखांबाची आडवी दांडी पकडली, डोळ्यांनी. ती सरळ होती. ती सरळ आहे तोवर मीही सरळ आहे, असे मी स्वतःला बजावले. उजवीकडून मॉरीन पुटपुटली, "खुर्ची हवी?"

"नको. डाव्या बाजूची सात नंबर दमलीये. चिठ्ठी दे."

मी दोन नावे लिहिली आणि पंचाकडे पाठवली. मग आणखी अकरा मिनिटे. शेवटची शिट्टी कुठून आली ते मला कळले नाही. मुलींचे खांदे एकदम खाली आले, त्यावरून समजले. सामना बरोबरीत सुटला होता. मी आपल्या पायांकडे पाहिले. बुटांखालचे गवत दबून काळसर झाले होते, दोन पावलांच्या आकारात.

हेमंत आला, खुर्ची घडी करून काखेत मारली आणि म्हणाला, "ही उगाच आणली."

तुम्हाला, ज्यांच्या चित्रात उद्या डाग दिसणार आहे, एवढेच सांगते: कान परत आला नाही. हॉटेलात मी नेहमी कोपऱ्यातली खुर्ची मागते आणि गर्दीत हेमंतची बाही धरते. तरीही मी त्याच संघाची मॅनेजर आहे, आणि हे वाक्य लिहिताना माझी पाठ आपोआप ताठ होते.

यंदाच्या शरदात संघात काही नव्या मुली आल्या. त्यांत रुचा नावाची एक विद्यार्थिनी आहे, नागपूरहून इथे एम.एस. करायला आलेली. महिनाभर खेळून तिने आपल्या खोलीतल्या मैत्रिणीलाही ओढून आणले. सरावाआधी मुली जमल्या तेव्हा ती मैत्रीण सवयीने माझ्या डावीकडे येऊन उभी राहिली. मला ती दिसली, ऐकू आली नाही. ऐकू आली ती रुचा.

"अगं, तिकडे नको यार, इकडे ये. गेलिकमध्ये पूर्ण गोल नसतो करायचा."

"का?"

"नियमच आहे तसा. आयर्लंडमध्येपण असंच उभं राहतात."

शिवॉनला मराठी येत नाही, तरी तिला बहुधा हातवाऱ्यांवरून सगळे कळले. तिने माझ्याकडे पाहिले. मी काही दुरुस्त केले नाही. मैत्रीण पळत उजवीकडे गेली, तिच्यासाठी बाकीच्या थोड्या सरकल्या, आणि मी बोलायला सुरुवात केली.